वरच्या मजल्याचं मीटर

४ फेब्रुवारी

प्रिय ताई,

तू सोडलेली ही वरच्या मजल्यावरची जागा मला मिळवून दिलीस, त्याबद्दल आभाराचं एक पत्र तुला देणं होतंच. पण हे पत्र आभाराचं नाही, संतापाचं आहे. फोनवर बोलले असते, पण तुझ्या शेजारी भाऊजी बसलेले असले की तू "हो", "बरं", "ठेवू का" यापलीकडे जात नाहीस.

वीज कंपनीने माझा छळ मांडलाय. एकटी बाई मी. दिवसभर इस्पितळात एक्स-रे काढते, जेवते तिथेच, घरी येते ती आडवी व्हायला. दोन दिवे, एक पंखा, कमरेएवढा फ्रिज. आणि बिल बघशील तर वाटेल, मी इथे गिरणी टाकली आहे. लागोपाठ चौथं बिल हे. काल रजा टाकून कंपनीच्या कचेरीत गेले. काउंटरवरच्या माणसाने मान वर न करता सांगितलं, "मॅडम, मीटर खोटं बोलत नाही. माणसं बोलतात."

मी म्हटलं, "मीटर तपासायला माणूस पाठवा."

"आधी बिल भरा. मग अर्ज करा."

"आणि नाही भरलं तर?"

"तोडू." पेन्सिलीचं टोक तोडावं तितक्या सहज म्हणाला. वर विचारतो, "पण तुम्ही कोण? मीटर तर दुसऱ्याच गृहस्थांच्या नावावर आहे." भाऊजींच्या नावावर, अजून. पैसे घ्यायला मी चालते, तक्रार करायला चालत नाही.

आता एक विचारते, रागावू नकोस. तुमच्या वेळीही बिल असंच यायचं का? तुझी ख्याती आपल्या सगळ्या नात्यागोत्यात होतीच म्हणा. चार माणसं जमली की भाऊजी तुझी ओळख "या आमच्या वीजबाई" म्हणून करून द्यायचे. पण खरंच तू लावायचीस तरी काय एवढं?

तुझी,
ठकू


१२ फेब्रुवारी

प्रिय ठकू,

अनेक आशीर्वाद. पत्र पोचलं. बरं झालं दुपारच्या टपालाने आलं, हे तेव्हा झोपलेले असतात. यापुढेही असंच लिही, आणि यांना बिलाबद्दल काही कळवू नकोस. जुना विषय निघाला की आठवडा वाया जातो.

त्या घरात बिल जास्तच येतं. तू कचेरीत जाऊन भांडू नकोस. आपलंच काहीतरी चुकत असतं. मी करायचे ते सांगते. फ्रिज संध्याकाळी बंद करून सकाळी लावायचा. इस्त्री नकोच, कपडे ओलसर असताना घडी करून गादीखाली ठेवले की सरळ होतात. भांडी घासताना दिवा लावायचं कारण नाही, समोरच्या इमारतीच्या जिन्यातला उजेड खिडकीतून बरोबर मोरीवर पडतो. एकट्या माणसाने पंखा लावू नये, उठून खिडकीशी बसावं. यांनी शेवटी मेन स्विच ओढून पेटीला कुलूपच लावलं होतं, किल्ली ऑफिसला जाताना घेऊन जायचे. त्यात राग नव्हता, शिस्त लागावी म्हणून.

एवढं करूनही बिल उतरलं नाही, हे मात्र खरं. माझ्या हाताचाच गुण असणार. कुठेतरी काहीतरी चालू राहत असेल आणि माझ्या लक्षात येत नसेल. हे म्हणायचे, तू झोपेत उठून दिवे लावतेस. एकदा तर मलाही तसंच वाटायला लागलं होतं.

खालच्या मजल्यावरच्या मासेकाकांचं उदाहरण मला नेहमी ऐकावं लागायचं. घरभर काचेच्या टाक्या, प्रत्येक टाकीला दिवा, पाणी कोमट ठेवायची यंत्रं, हवेचे पंप अखंड चालू, आणि बिल आमच्या निम्म्याहूनही कमी! हे म्हणायचे, "बघ. याला म्हणतात घर चालवणं." काकाही जिन्यात भेटले की मिश्या पिळत सांगायचे, "वहिनी, नियोजन लागतं."

तेव्हा भर बिल आणि गप्प राहा. अंगाला लावून घेऊ नकोस.

तुझी,
ताई


३ मार्च

ताई,

बसून वाच. बसलीस? आता ऐक.

मी पंधरवडाभर प्रशिक्षणाला बाहेरगावी गेले होते. जाताना फ्रिज रिकामा केला, मेन स्विच खाली ओढला, कुलूप लावलं. परत आले तर बिल नेहमीसारखंच! घरात माणूस नाही, वीज नाही, आणि बिल आहे.

आमच्या इस्पितळाच्या वायरमनला पकडून आणलं. जिन्याखाली ती मोडकी सायकल आहे ना, तिच्यामागे दोन्ही मीटरं. त्याने माझा मेन बंद केला. माझ्या मीटरवरचा लाल दिवा आपला लुकलुकतोच आहे. त्याने माझ्याकडे बघितलं, मी त्याच्याकडे. मग आम्ही मासेकाकांचं दार वाजवलं आणि एक मिनिट मेन बंद करा म्हटलं. काका किंचाळले, "मासे मरतील!" वायरमन म्हणाला, "एक मिनिटात माणूसही मरत नाही हो." आणि स्वतःच आत जाऊन त्याने खटका ओढला.

माझ्या मीटरचा दिवा विझला, ताई.

कंपनीने नवीन मीटरं बसवली तेव्हा वरच्या घराची तार खालच्या मीटरला जोडली आणि खालच्या घराची वरच्या. वर कंपनीचंच सील, त्यावर तारीखही. नऊ वर्षं! तुम्ही राहायला आलात त्याच महिन्यापासून. नऊ वर्षं तुम्ही त्यांच्या माशांचं बिल भरलंत आणि ते तुझ्या त्या दोन मिणमिणत्या दिव्यांचं. नियोजन म्हणे!

काकांचा चेहरा बघायला हवा होतास. म्हणाले, "मला वाटायचं माझे पंप चांगल्या कंपनीचे आहेत."

ताई, तू सुटलीस! भाऊजींना आजच सांग. मी कंपनीला सोडत नाही. पै न् पै वसूल करू.

तुझी आनंदाने वेडी झालेली,
ठकू


९ मार्च

ठकू,

पत्र मिळालं. वाचलं. काही दिवस लिहू नकोस.

ताई


२१ मार्च

ठकू,

"तू सुटलीस" असं लिहिलंस. कशातून सुटले ते तुला माहीत आहे का? नाही. म्हणून सांगते.

मी रफू करायचे हे तुला आठवतंय का कुणास ठाऊक. साधं शिवणकाम नव्हे. कोटाला भोक पडलं, शालीला उंदीर लागला, की त्याच कापडाचे दोरे काढून असं भरायचं की जागा सापडू नये. दोन शिंपी आणि एक धोबी माझ्याकडे कपडे पाठवायचे. काम बारीक असतं, दिव्याशिवाय होत नाही. मला टेबलावरचा मान वळवता येणारा दिवा होता, माझ्या पैशाने घेतलेला.

त्या घरात आलो आणि तिसऱ्या बिलाला यांनी तो दिवा उचलला. म्हणाले, तुझ्या कमाईपेक्षा तुझा दिवा जास्त खातो. मी खिडकीशी बसून करू लागले. हिवाळ्यात उजेड लवकर जातो, काम अपुरं राहतं, तर मी जिन्यात सामायिक दिव्याखाली पायरीवर बसायचे. येणारेजाणारे कपड्यांवरून पाय टाकत जायचे. मासेकाकाही जायचे. मग यांना ते बरं दिसेना. घराण्याची शोभा होते म्हणाले. शिंप्यांना वेळेवर काम मिळेना, त्यांनी पाठवणं बंद केलं. त्यानंतर घरात साधी सुई घ्यायची तरी मी मागून पैसे घेतले आहेत.

दिवा काढला तरी बिल उतरलं नाही, ठकू. तेव्हा तरी कुणाच्या डोक्यात यायला हवं होतं ना, की ते दिव्यामुळे नव्हतंच? पंखा काढला, बिल तेवढंच. इस्त्री नणंदेला देऊन टाकली, बिल तेवढंच. पेटीला कुलूप घातलं तरी बिल तेवढंच. आयुष्यभर आकडेमोड करून पगार घेतलेला माणूस! त्याला एकदाही वाटलं नाही की जिन्याखाली जाऊन बघावं. खाली टाक्यांचा लखलखाट, वर अंधार, आणि तरी उधळी मी. हे सगळ्यांना दिसत होतं, पण कुणी बघितलं नाही.

आणि माझा सगळ्यात जास्त राग माझ्यावर आहे. मीही मानलं. तुला फेब्रुवारीच्या पत्रात "हाताचा गुण" लिहून बसले. लाज वाटते.

"वीजबाई" म्हणायचे तेव्हा तूही हसायचीस. मोठ्याने हसायचीस. मला तुझं हसू वेगळं ऐकू यायचं.

यांना अजून सांगितलेलं नाही. तोंड उघडलं तर काय बाहेर येईल याची मला खात्री नाही.

ताई


२९ मार्च

ताई,

हसले. खरं आहे. त्यावर काहीही लिहिलं तरी सारवासारव होईल, म्हणून लिहीत नाही.

कामाचं सांगते. कंपनीचा इंजिनियर आला, तारा सरळ केल्या, आणि चार दिवसांत पत्र आलं. "जोडणीतील त्रुटी दूर करण्यात आली आहे. दोन्ही ग्राहकांकडून मिळून एकूण वापराएवढीच रक्कम आकारली गेल्याने कंपनीस कोणताही अवाजवी लाभ झालेला नाही. मागील फरक उभय ग्राहकांनी आपसात मिटवावा." म्हणजे कंपनीवाले गोंधळ घालणार, आणि आम्ही दोन शेजारी एकमेकांच्या झिंज्या उपटणार. लगेच काकांनाही सांगून आलेत की वरच्यांनी दावा लावला तर वसुली तुमच्याकडून होईल. काकांनी परवापासून दार लावून घेतलंय. मी वाजवलं की आतून फक्त पंपांचा आवाज येतो.

मी ग्राहक तक्रार मंचाकडे जाऊनही आले. तिथल्या कारकुनाने अर्ज परत केला. मीटर ज्यांच्या नावावर, सही त्यांची. मला नाही, तुला नाही. भाऊजींनी तक्रारीवर सही केली पाहिजे, आणि स्वतः येणार नसतील तर दुसऱ्या कुणाला अधिकारपत्र दिलं पाहिजे. कागद सोबत पाठवतेय.

मागच्या वेळी तुला विचारलं नव्हतं, आता विचारते. तुला काय हवंय?

ठकू


११ एप्रिल

ठकू,

मला काय हवंय असं कितीतरी वर्षांनी कुणी विचारलं. पैसे यायचे तेवढे येवोत. मला हवं आहे ते एवढंच की त्या घरात मी वीज उधळली नाही, हे शिक्का मारून कुणीतरी लिहून द्यावं. घरातल्या कुणी लिहून दिलेलं मला चालणार नाही.

यांना सांगितलं. चहा पीत होते. सगळं ऐकून घेतलं आणि कप बशीत ठेवून म्हणाले, "तरी मला संशय होताच."

ठकू, मी समोरचा कप उचलून बाजूला ठेवला. म्हटलं, "कसला संशय? तुमचा संशय माझ्यावर होता."

"अगं, बिलं बघून कुणालाही वाटलं असतं."

"मग सही करा."

"झालं गेलं उकरून काय मिळणार? जागा सोडली आपण. आता या वयात लोकांसमोर जाऊन सांगू, की नऊ वर्षं मला माझं मीटर कळलं नाही? हसतील."

"हसू देत. मला सवय आहे, तुम्हालाही होईल."

उठून बाहेर निघून गेले. तीन दिवस कागद टेबलावर पडून होता, हे त्यावर वर्तमानपत्र टाकायचे, मी उचलायचे. चौथ्या दिवशी मी माझी पिशवी भरली. कुठे म्हणून विचारलं. म्हटलं, "मंचाकडे. सही नसली तर अर्ज घेणार नाहीत, ठीक आहे. मी नुसतं दारात उभं राहून सांगेन की ग्राहक स्वतः का आला नाही. येणाऱ्याजाणाऱ्या प्रत्येकाला सांगेन. जिन्यात बसायची मला सवय आहेच."

सही केली. दोन्ही कागदांवर. अधिकारपत्रात प्रतिनिधी म्हणून माझं नाव मी आधीच लिहून ठेवलं होतं. ते वाचून म्हणाले, "तू काय बोलणार तिथे?"

मी सांगितलं नाही. मलाच माहीत नव्हतं.

ताई


१६ जून

ताई,

मी स्वतःला शंभर शिव्या दिल्यात. सुनावणीच्या दिवशीच महामार्गावर बस उलटली आणि आम्हा सगळ्यांना इस्पितळात थांबवून घेतलं. तू सकाळच्या गाडीने आलीस, एकटी उभी राहिलीस, संध्याकाळी परतही गेलीस, आणि मी अंधाऱ्या खोलीत दुसऱ्यांच्या हाडांचे फोटो काढत बसले. मंचाचा शिपाई आमच्याच रस्त्यावर राहतो. तो भेटला तर म्हणाला, "तुमची बहीण वकील आहे का?" मी म्हटलं नाही. तर म्हणतो, "मग कोण आहे?"

काय केलंस तू तिथे? सगळं लिही. काही गाळू नकोस.

ठकू


२४ जून

प्रिय ठकू,

दुसऱ्या मजल्यावरची लांबट खोली, वर गरगरणारे पंखे. मध्ये अध्यक्षबाई, पिकलेल्या केसांच्या, चष्मा दोरीला बांधलेला. डावीकडे कंपनीचा अधिकारी, कडक इस्त्रीचा शर्ट आणि उशीएवढी फाइल. मागच्या बाकावर मासेकाका. मला बघून छताकडे पाहू लागले.

काकांना अध्यक्षबाईंनी विचारलं, टाक्या किती? म्हणाले, "सुरुवातीला दोनच होत्या हो." बाई म्हणाल्या, "दोनच? मग मासे कुठले कुठले होते?" काका उभे राहिले आणि लागले सांगायला. याला पाणी इतकं गरम लागतं, त्याचं त्याच्याशी पटत नाही म्हणून वेगळी टाकी, पिल्लांची वेगळी, आजाऱ्यांची वेगळी. थांबेचनात. शेवटी टंकलेखकालाही हसू आवरेना. तेव्हा कुठे काकांच्या लक्षात आलं आणि खाली बसले. मला त्यांचा राग यायला हवा होता. पण निदान त्यांनी माशांना तरी उजेडात ठेवलं.

मग तो अधिकारी उठला. गोड आवाजात म्हणाला, "नऊ वर्षांत या ग्राहकाने एकही तक्रार केलेली नाही. बिल अवाजवी वाटलं असतं तर सुशिक्षित माणूस गप्प बसला असता का? अर्थ सरळ आहे. वापर त्यांना मान्य होता."

ते ऐकलं आणि मी उठून उभी राहिले.

मी म्हटलं, "तक्रार कशी करतील? त्यांना चोर घरातच सापडला होता."

बाईंनी चष्मा लावला. "म्हणजे?"

मग सांगितलं. दिवा, जिना, कुलूप. रडले नाही. रडले असते तर त्यांना बरं वाटलं असतं, पाणी दिलं असतं आणि बसवलं असतं. मी उभीच राहिले. अधिकारी मध्येच म्हणाला, "मॅडम, हा त्यांचा घरगुती मामला आहे."

मी म्हटलं, "हो, घरगुतीच. तुमच्या बिलावरही वरती 'घरगुती' असंच छापलेलं असतं. तुमच्या माणसाने दोन तारा उलट जोडल्या आणि सील ठोकून निघून गेला. त्या सीलला हात लावला तर आम्हाला शिक्षा होते. मग त्याच्या आत काय आहे ते बघायचं काम कुणाचं? नऊ वर्षं दर महिन्याला तुमचा माणूस येऊन आकडा लिहून नेत होता. खाली लखलखाट, वर अंधार, त्यालाही दिसलं नाही. तुम्हाला फायदा झाला नाही म्हणता. खरं आहे. तुम्ही काहीही न मिळवता माझी नऊ वर्षं वाया घालवलीत. निदान काही मिळवलं तरी असतंत!"

अधिकाऱ्याने फाइल बंद केली.

बाहेर आले तेव्हा इतकी भूक लागली होती की सांगता सोय नाही.

ताई


१९ ऑगस्ट

ताई,

निकाल आला. प्रत सोबत आहे. चूक पूर्णपणे कंपनीची ठरली. फरक कंपनीने द्यायचा, काकांकडून वसूल करायचा नाही. पण आता पुढचं वाच आणि माझ्यासारखं तुझंही डोकं फिरू दे. परतफेड फक्त शेवटच्या दोन वर्षांची! आधीची सात वर्षं मुदतबाह्य. तक्रार वेळेत केली नाही म्हणून. जी गोष्ट कंपनीने सील करून लपवली ती आम्ही वेळेत शोधली नाही, हा आमचा गुन्हा. मला ती फाइल त्या अधिकाऱ्याच्या डोक्यात घालावीशी वाटते.

वर अपील करता येतं. त्यालाही भाऊजींचीच सही लागेल. तू थकली असशील तर सांग, मी काही म्हणणार नाही. पण पाचव्या पानावर तुला हवं होतं ते वाक्य आहे.

ठकू


३० ऑगस्ट

प्रिय ठकू,

पाचवं पान आधी मी एकटीने वाचलं. "सदर कालावधीतील वाढीव वापर हा तक्रारदाराच्या घरातील नव्हता, हे निर्विवाद सिद्ध होते." खाली गोल शिक्का. मग यांना हाक मारली आणि समोर बसवून म्हटलं, मोठ्याने वाचा.

यांनी रक्कम वाचली. तारीख वाचली. ते वाक्य गाळून पुढे गेले. मी म्हटलं, "वरचं राहिलं." वाचलं. म्हटलं, "पुन्हा." पुन्हा वाचलं. दुसऱ्या वेळेला आवाज जरा बसला.

कागदाची घडी घातली. मग म्हणाले, "नऊ वर्षांत मी तुझ्यावर कधी हात उगारला का?"

मी म्हटलं, "उगारला असतात तर कुणाला तरी दिसलं असतं."

उठले, खिडकीपाशी गेले, परत आले. चेहरा पडला होता, ठकू, ते मी बघितलं. एरवी मला दया आली असती. तेव्हा म्हणाले, "चुकलं माझं. झालं? निकाल तुझ्या बाजूने लागला, दोन वर्षांचे पैसेही येतील. आता हा राग किती दिवस धरून बसणार आहेस?"

मी म्हटलं, "मुदत मंचाला आहे. मला नाही."

अपिलाचे कागद लवकर पाठव. सही ते करतील.

तुझी,
ताई